बाजरी-तांदळाची बिलं आणि डाकारचा महापौर

डाकार, रविवार संध्याकाळ

प्रिय शिरीष,

परवा फोनवर तू सरळ विचारलंस, "तो डाकारचा माजी महापौर खलिफा साल चोर होता की त्याला अडकवला?" आणि मी "दोन्ही" म्हणून विषय संपवला. तेव्हापासून ते उत्तर मला डाचतंय. तुझी अख्खी नोकरी महापालिकेची बिलं तपासण्यात गेली, तुला असं तोडून बोलणं बरोबर नव्हतं. म्हणून आज निवांत लिहायला बसलोय.

आधी एक गोष्ट ध्यानात घे. आपल्याकडे महापौर सभा चालवतो, पण खरा कारभार आयुक्तांच्या हातात. इथे तसं नाही. खर्चाच्या कागदावर सही महापौराचीच. शिवाय डाकार ही सेनेगलची राजधानी, देशातली जवळपास एक पंचमांश माणसं याच परिसरात राहतात. त्यामुळे इथला महापौर लोकप्रिय झाला की राष्ट्राध्यक्षांना तो खुपणारच.

खलिफा तरुणपणापासून समाजवादी पक्षाचा. १९८३ मध्ये खासदार, पुढे राष्ट्राध्यक्ष अब्दू दिऊफ यांच्या सरकारात मंत्री. पण नाव झालं ते २००९ मध्ये. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष अब्दुलाय वाद यांचा मुलगा करीम डाकारचा महापौर होणार, असंच सगळे धरून चालले होते. विरोधकांनी शहर जिंकलं आणि महापौर झाला खलिफा. २०१४ मध्ये ग्रँड योफ या त्याच्या बालेकिल्ल्यात खुद्द पंतप्रधान आमिनाता तुरे त्याच्याविरुद्ध उभ्या राहिल्या. हरल्या, आणि काही दिवसांत त्यांचं पंतप्रधानपदही गेलं. तोवर राष्ट्राध्यक्ष झाले होते माकी साल. आडनाव एकच, नातं काही नाही.

त्याच्या काळात शाळांतल्या मुलांना दूध मिळायला लागलं, गल्ल्यांत फरसबंदी झाली. मला मात्र सगळ्यात जास्त हळहळ वाटते ती २०१५ च्या कर्जरोख्यांची. शहराने स्वतःची पत वापरून २,००० कोटी सीएफए फ्रँक (इथलं चलन) बाजारातून उभे करायचे, फेरीवाल्यांसाठी मोठा बाजार बांधायचा, अशी योजना. कित्येक वर्षं हिशेब नीट लावून तयारी केली होती, अमेरिकी मदत संस्थेची निम्म्या रकमेची हमी मिळाली होती. विक्री तोंडावर आली आणि केंद्र सरकारने ती अडवली. तुमच्या पुण्याने २०१७ मध्ये पाण्याच्या योजनेसाठी २०० कोटींचे रोखे काढले, ते वाचताना मला डाकारचीच आठवण येत होती. इथले फेरीवाले अजून रस्त्यावरच बसतात रे.

आता बिलांकडे येतो. मार्च २०१७ मध्ये त्याला अटक झाली. महापालिकेच्या अग्रिम, म्हणजे आगाऊ उचलीच्या, निधीतून दरमहा ३ कोटी फ्रँक निघत होते. पाच वर्षांचा गुणाकार कर, १८० कोटी होतात, म्हणजे सुमारे २७ लाख युरो. आणि त्याला जोडलेली बिलं होती बाजरी आणि तांदळाच्या खरेदीची. तो माल कधी आलाच नव्हता.

तू जाणतोस, मी इथे तांदळाच्याच धंद्यात आहे. भारतातून आलेली कणी गोदामात उतरते तेव्हा प्रत्येक गाडीचं वजन, पोत्यांची मोजणी, पावती, सगळं माझ्या नजरेखालून जातं. न आलेल्या तांदळाचं बिल म्हणजे काय, हे मला कुणी समजावून सांगायची गरज नाही. गरिबाच्या ताटातल्या धान्याचं नाव त्या कागदावर घातलं, हे मला आजही सहन होत नाही.

बचाव असा होता की हा महापौराचा राजकीय निधी, आधीच्या महापौरांच्या काळापासून असाच चालत आलेला. पैसा खिशात गेला नाही, अडल्यानडल्यांना वाटला. ग्रँड योफमध्ये ज्या बाईंच्या टपरीवर मी अताया, म्हणजे इथला तीन फेऱ्यांचा चहा, प्यायला थांबतो, त्याही हेच सांगतात. छोट्या किटलीतून चहा उंचावरून ओतत, फेस आणत, त्या मला विचारत होत्या की मयताला, बारशाला, औषधाला दारात आलेल्या माणसाकडून महापौराने कसली पावती घ्यायची? तिसऱ्या, गोड फेरीपर्यंत माझ्याकडे उत्तर नव्हतं. पण शिरीष, पावती घेता येत नसेल तर तसं लिहावं. बाजरी लिहू नये.

तरीही पुढे जे झालं त्याने मी हादरलो. जुलै २०१७ मध्ये रेबेस तुरुंगातून लढून तो खासदार झाला, तर नोव्हेंबरात संसदेने खासदार म्हणून खटल्यापासून असलेलं त्याचं संरक्षण काढून घेतलं. त्याचा पक्ष माकींच्या आघाडीत होता, त्या पक्षाने डिसेंबरात त्याला हाकललं. ३० मार्च २०१८ ला पाच वर्षांची शिक्षा. जूनमध्ये पश्चिम आफ्रिकी देशांच्या इकोवास न्यायालयाने सांगितलं की निष्पक्ष सुनावणीचा त्याचा हक्क डावलला गेला. ऑगस्टअखेर अपील फेटाळलं आणि दुसऱ्याच दिवशी हुकूम काढून महापौरपद काढलं. २०१९ च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत अर्ज बाद. माकी पुन्हा निवडून आले, आणि सप्टेंबरात त्यांनीच त्याला माफी देऊन सोडलं. ही तारखांची रांग बघ. चूक खरी होती, पण ती शोधली गेली कारण त्याला बाजूला करायचं होतं, असंच मला वाटतं.

२०२४ मध्ये तो अखेर राष्ट्राध्यक्षपदासाठी उभा राहिला. दीड टक्क्याच्या आसपास मतं पडली. तोवर तरुणांचा राग दुसरीकडे वळला होता, आणि मतदानाच्या दहा दिवस आधी तुरुंगातून सुटलेले बासिरू जोमाय फाय जिंकले. टपरीवाल्या बाईंनीही त्यांनाच मत दिलं. खलिफाचं नाव काढलं की अजून त्या गप्प होतात, फडक्याने पेला पुसत राहतात.

आता तू मला एक सांग. असं बिल तुझ्या टेबलावर आलं असतं, आणि आधीच्या सगळ्यांचा निधी असाच निघून गेलेला तुला ठाऊक असतं, वरून मात्र एवढीच एक फाईल उघड असा निरोप आला असता, तर तू काय शेरा मारला असतास? फोनवर नको, लिहून कळव. वहिनींना नमस्कार.

तुझाच,
नंदू