स्रेब्रेनिकाबद्दल मिलिंदला

प्रिय मिलिंद,

सप्रेम नमस्कार.

फोनवर दोघांचाही आवाज चढला आणि मुद्दा राहूनच गेला, म्हणून लिहितोय. तुझं म्हणणं असं की जुलै १९९५ मध्ये बोस्नियातल्या स्रेब्रेनिकात बोस्नियाक (म्हणजे बोस्नियन मुस्लिम) पुरुषांचं हत्याकांड वगैरे नव्हे, झालं ते युद्धच, मेले ते सैनिक, आणि मेलेल्यांचा आठ हजारांचा आकडा फुगवलेला.

ठीक आहे. मग लढताना मेलेल्यांचे डोळे पट्टीने आणि हात मागे का बांधलेले होते, तेवढं सांग. सामूहिक कबरींत असे देह शेकड्यांनी निघाले.

आणि त्या कबरींचंही ऐक. पुरून दोनेक महिने होतात न होतात तोच, सप्टेंबर-ऑक्टोबरात, बोस्नियन सर्ब सैन्याने आपल्या जेसीबीसारखी यंत्रं लावून त्या पुन्हा उकरल्या आणि प्रेतं ट्रकांत भरून दूर नेऊन पुरली. कोझ्लुकला बाटल्या भरण्याच्या कारखान्याजवळ माणसं मारली होती. तिथल्या हिरव्या काचा चांचारीच्या रस्त्यालगतच्या कबरीत प्रेतांबरोबर सापडल्या! यंत्रांनी देह तुटले, एकेकाची हाडं दोन-तीन ठिकाणी विखुरली. पुढे डीएनएने जुळवत जुळवत जवळजवळ सात हजार जणांची ओळख पटली. तू ज्याला आकड्यांचा घोळ म्हणतोस तो मारणाऱ्यांनीच घालून ठेवलाय, आणि आता त्याच घोळाकडे बोट दाखवून त्यांचे पाठीराखे विचारतात, प्रेतं कुठायत?

क्राविचाचं तू काढलंस ते खरं आहे. जानेवारी १९९३ मध्ये स्रेब्रेनिकाकडच्या बोस्नियाकांनी त्या सर्ब गावावर हल्ला केला, गावकरीही मेले. ते कुणी झाकू नये. पण १३ जुलै १९९५ ला त्याच क्राविचाच्या गोदामात कोंडून सुमारे हजार बोस्नियाक कैदी मारले, त्याचा हिशेब ह्याने कसा फिटतो?

न्यायालय पाश्चात्त्यांच्या खिशातलं, हे मात्र तू उगाच म्हणालास. २००७ च्या निकालात हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने बोस्नियातल्या इतर ठिकाणच्या हत्यांत नरसंहार सिद्ध होत नाही म्हटलं, आणि तो केल्याच्या आरोपातून सर्बियाला सोडलंही. स्रेब्रेनिकाला नरसंहार ठरवलं, आणि तो रोखला नाही, एवढ्यापुरता (आणि बोस्नियन सर्बांचा सेनापती म्लादिच, त्याला सोपवला नाही म्हणून) सर्बियावर ठपका ठेवला. खिशातलं न्यायालय इतकं हात राखून लिहितं होय?

मे २०२४ मध्ये ११ जुलै हा स्मृतिदिन करण्याचा ठराव संयुक्त राष्ट्रसंघात आला: बाजूने ८४, विरोधात १९, तटस्थ ६८. आपण तटस्थांत. मला ते रुचलं नाही. तू खूश असशील.

निकाल लांबलचक आहे, पण तू वकील माणूस, वाचशीलच. जे पटणार नाही ते परिच्छेद क्रमांकासकट कळव. वहिनींना नमस्कार.

तुझा,
शिरीष