'आमचं ठरलंय' म्हणजे कुणाचं?

प्रिय बाळा,

काल फोनवर म्हणालास, "दुसरं मूल नको, आमचं ठरलंय. पुढच्या महिन्यात तिचं ऑपरेशन उरकून टाकतो." 'उरकून' हा शब्द रात्रभर कानात राहिला. मूल नको, यात मी पडणार नाही. पण ऑपरेशन तिचंच, हे कधी ठरलं?

तुझ्या बहिणीच्या वेळी मी कळांनी तळमळत होते. नर्सने कागद पुढे केला. पेन चालेना, म्हणून कोपऱ्यात गिरगटून तिनेच ते चालतं केलं. "सिझेरियन करतोच आहोत, त्यातच नसबंदी होऊन जाईल." तुझ्या बाबांना आधी विचारून झालं होतं. मी सही केली. तिसरं मूल मला हवं होतं असं नाही, बहुधा नकोच होतं. पण ते 'नको' माझ्या तोंडून कुणी ऐकलंच नाही. बाबा वाईट नव्हते रे, त्यांनाही वाटलं, ठरलंच आहे.

१९६८ साली तेहरानच्या मानवी हक्क परिषदेने मुलं किती आणि कधी हे ठरवण्याचा हक्क 'पालकांना' दिला. १९७४ला बुखारेस्टच्या जागतिक लोकसंख्या परिषदेत 'पालकां'च्या जागी 'जोडपी आणि व्यक्ती' असं आलं. 'व्यक्ती' यायला सहा वर्षं लागली. तुमच्या 'आमचं'मध्ये ती आहे का, तेवढं बघ.

पुरुषाची नसबंदी जागा बधिर करून अर्ध्या तासाच्या आत होते, माणूस त्याच दिवशी घरी येतो. बाईच्या वेळी पोटात शिरावं लागतं. ताकद जाते ही निव्वळ अफवा, पुरुषी हार्मोन रक्तातून जातं, नसबंदीत कापतात त्या नळीतून नाही. मात्र तीन महिन्यांनी वीर्य तपासून घेईपर्यंत दुसरं साधन वापरावंच लागतं. (आई असं लिहिते म्हणून लाजू नकोस. माझं लाजून झालंय.)

तूच करून घे, असंही नाही. तुझं शरीर तुझं. तांबी आहे, प्रकारानुसार दहा वर्षांपर्यंत चालते, हवी तेव्हा काढता येते. नसबंदीचं तसं नाही, पुन्हा जोडली तरी मूल होईलच याची खात्री नसते.

डॉक्टरांकडे तिला एकटीला आत जाऊ दे, तू बाहेर बस. आणि ती तारीख ठेवायची की मोडायची, तो फोन तिलाच करू दे.

तुझी,
आई