रामकाल पथाला सांगणारा माणूस द्या : पर्यटन मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. पर्यटन मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

विषय : नाशिकच्या पंचवटीत मार्गदर्शकासह रोजची पायी फेरी सुरू करण्याबाबत

महोदय, सप्रेम नमस्कार.

मी पंचवटीत राहते. ३१ ऑक्टोबर २०२६ ला सिंहस्थाचं ध्वजारोहण आणि २ ऑगस्ट २०२७ ला पहिलं अमृतस्नान, या तारखा आता इथल्या शाळकरी पोरांनाही पाठ आहेत. काळाराम मंदिर, सीतागुंफा आणि रामकुंड या परिसरासाठी रामकाल पथाची योजना आली आहे आणि केंद्राने तिला सुमारे ९९ कोटी रुपये मंजूर केले आहेत. फरसबंदी, दिवे, कमानी, शिल्पं यांची चर्चा रोज कानावर पडते. आलेल्या यात्रेकरूला सोबत घेऊन गल्लीबोळांतून पायी फिरवणारा आणि आपण काय बघतो आहोत ते नीट सांगणारा माणूस मात्र या चर्चेत कुठेच नाही. त्याच्यासाठी हे पत्र लिहिते आहे.

आज बाहेरगावचं कुटुंब पंचवटीत येतं तेव्हा काय होतं, ते आम्ही रोज पाहतो. रामकुंडावर गाडीतून उतरलं की 'पंचवटी दर्शन' करणारी रिक्षा ठरते. काळाराम, सीतागुंफा, तपोवन, जमलं तर मुक्तिधाम. प्रत्येक ठिकाणी हात जोडायचे, फोटो काढायचा आणि निघायचं. रिक्षावाल्या दादांना मी दोष देत नाही, त्यांचं पोट फेऱ्यांवर आहे. पण इतक्या लांबून आलेली माणसं अडीच-तीन शतकांच्या दगडासमोर उभी राहतात आणि तो कोणी घडवला, का घडवला, त्याच्या दारात काय काय घडलं, यातलं काहीही न कळता परत जातात. याचं मला फार वाईट वाटतं.

आमच्या भागातले एक निवृत्त शिक्षक, आम्ही त्यांना गुरुजीच म्हणतो, थंडीच्या दिवसांत सकाळी हौसेने लोकांना घेऊन फिरतात. पैसे घेत नाहीत. माझ्याकडे आलेल्या पाहुण्यांना घेऊन मीही त्यांच्याबरोबर चालले. इतकी वर्षं इथे राहूनही त्या सकाळी मला नव्याने कळलेल्या गोष्टी बऱ्याच होत्या.

फेरी होळकर पुलाजवळच्या सुंदरनारायणापासून सुरू होते. १७५६ मध्ये गंगाधर यशवंत चंद्रचूडांनी बांधलेलं हे देऊळ. राज्य पुरातत्त्व विभागाने त्याच्या जीर्णोद्धाराचं काम हाती घेतलं आहे. जुना दगड कसा जोडला जायचा, झिजलेल्या दगडाच्या जागी नवा बसवताना काय पाहावं लागतं, हे तिथेच उभं राहून समजावता येतं. पूल ओलांडला की रामकुंड. तिथून पायऱ्या चढून कपालेश्वर. शंकराचं देऊळ, पण समोर नंदी नाही. ब्रह्महत्येच्या पापातून सुटण्यासाठी रामकुंडात स्नान करायचा मार्ग नंदीने दाखवला, म्हणून महादेवाने त्याला गुरू मानलं आणि समोर बसू दिलं नाही, ही कथा ऐकताना पाहुण्यांची मुलं पायरीवर खाली बसलीच.

पुढे काळाराम. सरदार रंगराव ओढेकरांनी अठराव्या शतकाच्या अखेरीला हे देऊळ उभं केलं. त्याचा काळा दगड रामसेजच्या डोंगरातून आणला. रामसेज हा तोच किल्ला, जो संभाजीराजांच्या काळात मराठ्यांनी मोगलांच्या वेढ्याला वर्षानुवर्षं दाद न देता लढवला. देवळाच्या ओवरीत बसून किल्ल्याची गोष्ट सांगता येते, कारण दोन्हीचा दगड एक आहे. रिक्षाच्या फेरीत हे सांगायला कोणाला वेळ असतो?

आणि याच देवळाच्या दाराशी गुरुजी सगळ्यात जास्त वेळ थांबतात. २ मार्च १९३० रोजी अस्पृश्य मानलेल्यांना देवळात प्रवेश मिळावा म्हणून डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली हजारो सत्याग्रही शिस्तीने, रांगेत, या देवळाकडे चालत आले. दारं बंद होती. दुसऱ्या दिवसापासून दरवाजांवर सत्याग्रहींच्या तुकड्या बसल्या, त्यांत स्त्रियाही होत्या. रामाच्या रथाच्या वेळी हाणामारी आणि दगडफेक झाली. दादासाहेब गायकवाडांनी हा लढा नेटाने चालवला, लोक वर्षानुवर्षं लढत राहिले आणि देऊळ काही उघडलं नाही. १३ ऑक्टोबर १९३५ ला याच जिल्ह्यातल्या येवल्यात बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. काळारामाचं दार आणि येवल्याचं मैदान यांच्यामध्ये जो रस्ता आहे, तो या राज्याच्या इतिहासातला फार मोठा रस्ता आहे.

महोदय, माझी आग्रहाची विनंती आहे, की सरकारी फेरीत हा भाग गाळू नये, दोन वाक्यांत उरकू नये, आणि 'वादग्रस्त' म्हणून मार्गदर्शकाच्या मर्जीवरही सोडू नये. रामदर्शनाला आलेल्या माणसाच्या श्रद्धेला यामुळे धक्का बसेल, असं मला अजिबात वाटत नाही. माझे पाहुणे दर्शन घेऊन बाहेर आले, हे सगळं ऐकलं, आणि त्यांच्यातल्या आजीबाई थोड्या वेळाने एवढंच म्हणाल्या, "मग आम्हाला हे कोणी आधी का नाही सांगितलं?" २ मार्चला इथे निळे झेंडे घेऊन येणारे लोकही यात्रेकरूच आहेत. त्यांनाही कपालेश्वराची कथा आणि नारोशंकराची घंटा कळली पाहिजे. एकाच फेरीत दोघं चालले तर किती बरं होईल!

सीतागुंफेजवळच्या पाच वडांना क्रमांक लावले आहेत, ते आपण पाहिले असतील. तिथून शनी चौकात येताना आपण एका रहाडीवरून चालतो, हे बाहेरच्या कोणाला सांगूनही खरं वाटत नाही. पेशवेकाळापासूनचा हा रंगाचा हौद वर्षभर लाकूड-मातीने बुजवलेला असतो, वरून गाड्या जातात. रंगपंचमीला तो उघडायचा, पूजा करायची, ठरलेला रंग भरायचा आणि पोरांनी त्यात धप्पा मारायचा. गावठाणात अशा मोजक्याच रहाडी आहेत आणि प्रत्येकीचा रंग ठरलेला. यातलं काहीही वरून दिसत नाही. कोणी सांगितलं तरच कळतं.

उतरून पुन्हा गंगेवर (गोदावरीला आम्ही गंगाच म्हणतो) आलं की नारोशंकराचं देऊळ. १७४७ मध्ये नारोशंकर राजेबहाद्दरांनी बांधलेलं हे रामेश्वराचं मंदिर. त्याच्या कोटावरची मोठी घंटा पोर्तुगीज आहे. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकल्यावर ज्या घंटा मराठ्यांच्या हाती आल्या, त्यांतली ही एक. चर्चची घंटा गोदेच्या काठी महादेवापुढे! आम्हा नाशिककरांसाठी ती पुराचं मापही आहे. आधी नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या कुठवर पाणी आलं ते पाहायचं. नारोशंकराच्या घंटेला पाणी लागलं, की महापूर. १९६९ चा, २००८ चा, २०१६ चा पूर सांगणारी माणसं अजून भांडीबाजारात आणि सराफ बाजारात आहेत. पाणी दुकानात कुठपर्यंत आलं ते भिंतीवर बोट ठेवून दाखवतात. ही माणसं आपल्या खात्याच्या कोणत्याही माहितीपत्रकात नाहीत.

या परिसरात सांगण्यासारखं किती आहे, त्याची यादी मी करत नाही. तीर्थपुरोहितांच्या चोपड्यांतल्या वंशावळी आहेत, विष्णू दिगंबर पलुस्करांचा रामनाम आधार आश्रम आहे, गाडगे महाराजांची धर्मशाळा आहे, यशवंतराव महाराज पटांगणावर मे महिन्यात भरणारी वसंत व्याख्यानमाला आहे, पेशवेकालीन सरकारवाडा आहे.

कथा आणि इतिहास दोन्ही सांगावेत, पण कोणतं काय ते स्पष्ट सांगावं. गुरुजी 'असं मानतात' आणि 'अशी नोंद आहे' हे दोन शब्दप्रयोग काटेकोरपणे वेगळे वापरतात. श्रद्धेच्या ठिकाणी उभं राहून असं बोलणं सोपं नाही, त्याला तयारी लागते. म्हणूनच गळ्यात कार्ड अडकवून कोणालाही उभं करू नये. आपल्या पर्यटन संचालनालयाने गाईडच्या प्रशिक्षणाचे वर्ग याआधी घेतले आहेत. तसाच वर्ग खास पंचवटीसाठी, पंचवटीतच घ्यावा. त्यात गावठाणातल्या मुलामुलींना, घरी असलेल्या सुशिक्षित बायकांना, निवृत्त शिक्षकांना आणि इच्छुक रिक्षाचालकांनाही घ्यावं. शिकवायला पुरातत्त्व विभागाचे जाणकार असावेत, पुरोहित असावेत, सत्याग्रहाचा अभ्यास असलेले असावेत. परीक्षा घ्यावी, ओळखपत्र द्यावं, आणि मुख्य म्हणजे मानधन द्यावं. आमचे गुरुजी पैसे घेत नाहीत हा त्यांचा मोठेपणा. तेवढ्यावर शहराची व्यवस्था उभी करता येत नाही.

आपल्याला शेजारचंच उदाहरण आहे. अहमदाबाद महापालिकेने १९९७ मध्ये जुन्या शहरात पायी फेरी सुरू केली. कालुपूरच्या स्वामीनारायण मंदिरापासून निघून पोळांमधून, म्हणजे तिथल्या जुन्या वस्त्यांच्या गल्ल्यांमधून, जामा मशिदीपर्यंत, सकाळच्या वेळी, मार्गदर्शकासह. पुढे २०१७ मध्ये त्या शहराला जागतिक वारसा शहराचा दर्जा मिळाला. तो एका फेरीमुळे मिळाला असं मी म्हणत नाही. पण इतकी वर्षं लोकांनी ते शहर पायी पाहिलं, तिथल्या रहिवाशांनीही आपल्या वाड्याकडे नव्याने पाहिलं, याचा उपयोग झालाच असणार. पंचवटीची फेरी अहमदाबादपेक्षा लांबीने मोठी होणार नाही. मराठी आणि हिंदी एवढ्या दोन भाषांत सुरुवात झाली तरी पुष्कळ.

आता अडचणींचं. या गल्ल्या अरुंद आहेत. २००३ च्या सिंहस्थात सरदार चौकाजवळच्या उतारावर चेंगराचेंगरी होऊन अनेक भाविकांचा जीव गेला, ते आम्ही विसरलेलो नाही. त्यामुळे पर्वणीच्या दिवसांत फेऱ्या बंदच ठेवाव्यात, आणि एरवीही एका गटात वीसपेक्षा जास्त माणसं नसावीत. अरुंदपणावर उपाय म्हणून सरसकट रुंदीकरण मात्र करू नका. जे वाडे खरोखरच पडायला आले आहेत त्यांचा विचार वेगळा, पण लाकडी तुळयांचा, चौकाचा धडधाकट वाडा रस्त्यासाठी गेला तर त्या पथावर दाखवायला आम्ही काय ठेवणार? चालणाऱ्याला हवं असतं ते साधंच असतं : गल्लीच्या तोंडाशी लावलेल्या दुचाकी हटवलेल्या, बायकांसाठी स्वच्छ स्वच्छतागृह, वयस्कर माणसाला मध्ये टेकायला सावलीतली जागा, प्यायचं पाणी. ९९ कोटींत हे सहज बसतं.

नदीबद्दल एकच सांगते, कारण फेरीत लोक हमखास विचारतात, "बाकीची कुंडं कुठे आहेत?" लक्ष्मणकुंड, धनुष्यकुंड, सीताकुंड ही नावं जुन्या लोकांना माहीत आहेत, पण गोदापात्रात काँक्रीट ओतलं गेलं आणि कुंडांचे तळ त्याखाली गेले. नाशिकचे नागरिक यासाठी उच्च न्यायालयापर्यंत गेले आहेत. घाटाचं नवं काम करताना तरी आणखी काँक्रीट पात्रात जाऊ नये. मार्गदर्शकाला पाण्याकडे बोट दाखवून कुंड दाखवता आलं पाहिजे.

माझं मागणं असं : रामकाल पथाच्या खर्चात मार्गदर्शकांचं प्रशिक्षण आणि पहिल्या तीन वर्षांचं मानधन यांची वेगळी तरतूद करावी. फेरी चालवण्याची जबाबदारी महापालिका, आपलं खातं आणि कुंभमेळा प्राधिकरण यांपैकी एकावर लेखी सोपवावी, नाहीतर तिघंही एकमेकांकडे बोट दाखवतील. काय सांगायचं याचा मजकूर ठरवणाऱ्या समितीत सत्याग्रहाच्या परंपरेतले लोक असावेत. आणि सिंहस्थ संपल्यावरही, कार्तिकात, श्रावणात, आडदिवशीही सकाळी फेरी निघाली पाहिजे.

ध्वजारोहणाच्या आत पहिल्या तुकडीचा वर्ग सुरू होणं अशक्य नाही. आपण नाशिकमध्ये यासाठी बैठक लावलीत, तर गावठाणातले शिक्षक, पुरोहित, व्यापारी आणि माझ्यासारख्या रहिवासी बायका आपापली माहिती घेऊन येतील. बैठक शक्यतो सरकारवाड्यात घ्यावी आणि तिथून आपण आमच्याबरोबर काळारामापर्यंत चालत यावं, ही विनंती.

आपली नम्र,
पंचवटीतील एक रहिवासी