काल विचारायचं राहिलं ते

स्लाउ, रविवार रात्र

चि. ईशास अनेक आशीर्वाद.

मराठीतच लिहितेय. अडलं तर मोठ्यानं वाच, बाबांना फोन लावू नकोस. काल तू तुझ्या भूमिकेबद्दल सांगत होतीस, तेव्हा "अजून रिसेप्शनिस्टच का गं?" असं माझ्या तोंडून निघून गेलं आणि तू गप्प झालीस. रात्रभर ते टोचत राहिलं.

मी 1998 च्या शेवटी इथे आले, तेव्हा 'द रॉयल फॅमिली' ही टीव्हीवरची विनोदी मालिका नवीनच होती. मँचेस्टरचं ते इंग्रजी माझ्या कानाला लागेना. त्यातलं अख्खं घर टीव्हीसमोर बसलेलं, बोलणं कळत नाही आणि घडत तर काहीच नाही! पण ती म्हातारी नॅना मला कळायची. आपली मिरजेची आजीच, फक्त नऊवारी नाही.

तिचं काम करणारी नटी म्हणजे लिझ स्मिथ. तुला लहानपणी तिची गोष्ट सांगायचे ती एवढीच, की पन्नाशीला टेकलेली बाई लंडनच्या हॅम्लीजमध्ये खेळणी विकत होती, दिग्दर्शक माइक लीचं बोलावणं आलं आणि 1971 साली त्याचा 'ब्लीक मोमेंट्स' हा चित्रपट झळकला. मी अर्धंच सांगत होते. 1921 चा जन्म, स्कनथॉर्पचा. दोन वर्षांची असताना आई गेली, वडीलही सोडून गेले, आजीनं वाढवलं. पुढे घटस्फोट, पदरात दोन मुलं, मिळेल ती नोकरी. आणि एवढं रेटून दिग्दर्शक चार्ल्स मॅरोविट्झच्या नाटकाच्या गटात तालमी, वर्षानुवर्षं. माइक ली काही तयार संहिता हातात देत नाही, नटांकडूनच पात्र घडवून घेतो. त्या तालमी केल्या नसत्या तर ती तिथे काय करणार होती?

दोन वर्षांनी त्याच्याच 'हार्ड लेबर' या टीव्हीपटात ती प्रमुख भूमिकेत आली. सॅल्फर्डमधली गोष्ट, तुझ्या खोलीपासून बसनं जाण्यासारखी. लोकांच्या घरी साफसफाई करणारी बाई. घरी येऊन नवऱ्याच्या केसाळ खांद्यांना मलम चोळते, तेव्हा फक्त तिच्याकडे बघ. 1984 च्या 'अ प्रायव्हेट फंक्शन' या चित्रपटात ती मॅगी स्मिथची आई झाली. मॅगीहून अवघी 13 वर्षांनी मोठी! (नायिकेच्या आईचं वय आपल्याकडेही कुणी विचारत नाही.) त्या भूमिकेला बाफ्टा, म्हणजे इथला मोठा चित्रपट पुरस्कार, मिळाला, तेव्हा तिनं साठी ओलांडली होती.

'द रॉयल फॅमिली'चा 'क्वीन ऑफ शीबा' हा भाग मी एकदाच पाहिला, 2006 मध्ये. नॅनाचा पलंग बैठकीच्या खोलीत आणलेला, आणि लेक तिचे केस नीट करतेय. त्या वर्षी तुझी आजी मिरजेत अंथरुणाला खिळली होती आणि तिच्या डोक्याला तेल लावायला मी तिथे नव्हते. मी उठून स्वयंपाकघरात गेले. तू नऊ वर्षांची होतीस, "आई, कांदा का चिरतेस आत्ता?" म्हणालीस.

हे वाचून पन्नाशीपर्यंत थांब असं मी सांगतेय समजू नकोस. ज्यांना बोलावणं आलंच नाही अशाही कितीतरी बायका असतील, त्यांच्या गोष्टी कुणी सांगत नाही. भाड्याचं काय, हे मी विचारणार, पुढेही विचारणार. आईच आहे मी.

पण काल दुसरंच काही विचारायला हवं होतं. ती तुझी रिसेप्शनिस्ट आहे कोण? त्या हॉस्पिटलात किती वर्षं झाली तिला? दुपारचा डबा कुठे बसून खाते, कुणाबरोबर? घरी तिची वाट बघणारं कुणी आहे का? दोनच वाक्यं असली तरी तुला हे ठाऊक असणार. बुधवारी मला सुट्टी आहे, सविस्तर सांग.

तुझी,
आई