इरा : यादीतला अर्थ आणि कोशातला अर्थ

मा. संपादक,
स. न. वि. वि.

बारशाच्या पत्रिकेवर नावाखाली त्याचा अर्थ छापायची पद्धत नागपुरात आता चांगली रुळली आहे. मोठ्या अक्षरात नाव आणि खाली बारीक अक्षरात 'म्हणजे देवी सरस्वती' किंवा 'म्हणजे तेजस्विनी'. पद्धत आम्हाला आवडते. अडचण एवढीच की हा अर्थ मोबाइलवर फिरणाऱ्या एखाद्या यादीतून उचललेला असतो आणि ती यादी आधीच्या दुसऱ्या यादीवरून उतरवलेली असते. कोश उघडून पाहिलेला कुणीच नसतो. म्हणून सध्या घरोघरी ऐकू येणारे एकच नाव, इरा, इथे नीट उलगडून दाखवत आहोत.

यादीत इराचा अर्थ बहुधा एका शब्दात संपतो : सरस्वती. तो चुकीचा नाही, फार अपुरा आहे. अमरकोश या जुन्या संस्कृत कोशाच्या नानार्थवर्गात, म्हणजे अनेक अर्थांच्या शब्दांच्या भागात, या शब्दाला अर्धी ओळ दिली आहे : 'इरा भूवाक्सुराप्सु स्यात्'. भू म्हणजे जमीन, वाक् म्हणजे वाणी, सुरा म्हणजे मद्य आणि अप् म्हणजे पाणी. अर्ध्या ओळीत चार अर्थ. सरस्वती येते ती यातल्या वाणीच्या वाटेने, म्हणजे नंतर आणि आडवळणाने. मोनियर-विल्यम्सच्या १८९९च्या संस्कृत-इंग्रजी कोशात सुरुवातीला येतो तो वेदातला अर्थ : पिण्याजोगा कोणताही द्रव, विशेषतः दुधाचा घोट, मग अन्न, तृप्ती, सुख. पाणी, मद्य, पृथ्वी, वाणी आणि सरस्वती त्यानंतर. पाळण्यातल्या बाळाच्या नावाला दुधाच्या घोटाइतका जवळचा अर्थ दुसरा कोणता असेल? पण यादीत नेमका तोच नसतो.

हा शब्द पाहायचा तर ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलातल्या ८३व्या सूक्तात पाहावा. हे सूक्त पर्जन्याचे आहे. चौथ्या ऋचेत वारे सुटतात, विजा पडतात, वनस्पती अंकुर वर काढतात, आणि मग शब्द येतात : 'इरा विश्वस्मै भुवनाय जायते'. पर्जन्य पृथ्वीला सफल करतो, तेव्हा साऱ्या भुवनासाठी इरा जन्माला येते. ज्या मुलखात बहुतेक शेती कोरडवाहू आहे आणि मृग कोरडा गेला की घराघरात काळजी शिरते, तिथे 'इरा' म्हणजे काय हे वेगळे समजावून सांगायला नको. पाऊस पडल्यावर जे मिळते ते सगळे, पाणी, दाणा, चारा, दूध, या दोन अक्षरांत आहे. विष्णुपुराणात इरा ही कश्यपाची पत्नी आहे आणि तिच्यापासून वृक्ष, वेली आणि सर्व जातींचे गवत झाले असे म्हटले आहे. पुराणकाराने वेदातला अर्थच पुढे नेला आहे.

या शब्दाची पिलावळही मोठी आहे. इरा म्हणजे पाणी. ज्यात पाणी आहे तो इरावान्, म्हणजे समुद्र. आणि त्या समुद्रातून निघाला तो इंद्राचा ऐरावत. इरावती म्हणजे भरपूर पाण्याची. पंजाबातल्या रावीचे हे जुने नाव आणि ब्रह्मदेशातल्या मोठ्या नदीचेही. समाजशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांचा जन्म १९०५ साली ब्रह्मदेशात झाला आणि त्या नदीवरूनच त्यांचे नाव ठेवले गेले. म्हणजे इरा हे नाव अगदी नवीन वाटले तरी शब्द मराठी घरात शंभर वर्षांपूर्वीच येऊन गेला आहे.

आता आक्षेपाचे. बारशाला जमलेल्यांपैकी कुणीतरी कोश पाहिलेला निघतो आणि म्हणतो, 'अहो, इरा म्हणजे दारू!' आई-बाबा गोंधळतात, काही ठिकाणी नाव बदलण्यापर्यंत वेळ येते. घाबरायचे कारण नाही. पिण्याजोग्या रसाला जो शब्द असतो त्याला हा अर्थ पुढेमागे चिकटतोच. 'मधु' घ्या : अमरकोशात त्याचेही अर्थ मद्य, फुलांतला रस आणि मध असेच आहेत, तरी आपण मधुरा, मधुवंती, मधुमालती ही नावे बिनदिक्कत ठेवतो. शब्दाचे सगळे अर्थ माहीत असले की उत्तर शांतपणे देता येते. एकच अर्थ पाठ केलेला असला की पंचाईत होते.

इरा आणि इळा यांची गल्लतही नेहमीची. ऋग्वेदात 'इळा सरस्वती मही तिस्रो देवीर्मयोभुवः' अशा तीन देवी एकत्र येतात. तिथली इळा म्हणजेच इडा. दोन स्वरांमधल्या ड चा ऋग्वेदात ळ होतो. पुराणातली इला, मनूची कन्या आणि पुरूरव्याची आई, ती हीच परंपरा. इरा आणि इळा हे शब्द एकमेकांच्या फार जवळचे आहेत, पण 'इरा म्हणजे मनूची कन्या' असे पत्रिकेवर छापले तर ते चूक. मनूच्या कन्येचेच नाव हवे असेल तर इला ठेवावे. नाव सुंदर आहे आणि हल्ली कमी ऐकू येते.

लेखनाकडे वळू. इरा यातली इ ऱ्हस्व आहे. 'ईरा' असे दीर्घ लिहिले की वर सांगितलेला एकही अर्थ त्याला लागत नाही. संस्कृतात ईर् हा वेगळा धातू आहे, हलणे किंवा हलवणे या अर्थाचा; त्यातून समीर आणि प्रेरणा आले. काही जण वेगळेपणासाठी मागेपुढे अक्षरे जोडतात. त्यात 'अनिरा' करायचा मोह अवश्य टाळावा. ऋग्वेदात अनिरा म्हणजे इरेचा अभाव, अन्नाची ददात. सोमसूक्तात ती रोगांच्या जोडीला, दूर पळवून लावायच्या गोष्टींत आली आहे.

मराठी कानालाही एकदा विचारावे. सीता-सीतेला, गंगा-गंगेला, त्या चालीने इरा-इरेला. आणि 'इरेला पेटणे' हा वाक्प्रचार तर आपल्या तोंडात पक्का बसलेला. तिथली ईर म्हणजे चुरस, जिद्द. आजी 'इरेला भूक लागली' म्हणाली की घरात हशा पिकेल, पण त्यात वाईट काही नाही. हल्ली बहुतेक लोक 'इराला, इराने' असेच म्हणतात आणि विशेषनामाला ते खपून जाते.

रोमन लिपीत मात्र खरी गुंतागुंत आहे. आय-आर-ए ही तीन अक्षरे जगात बऱ्याच भाषांत आहेत आणि प्रत्येकीत अर्थ निराळा. लॅटिनमध्ये ती राग या अर्थाची. इंग्रजीतला 'आयर' त्यातूनच आला. हिब्रूत ते पुरुषाचे नाव आहे, अर्थ सावध, जागरूक. रशियात इरा हे इरीनाचे लाडाचे रूप, आणि इरीना ग्रीक शब्दावरून, अर्थ शांती. एकाच स्पेलिंगवर राग आणि शांती दोन्ही! म्हणून 'आमच्या नावाचा अर्थ सगळ्या भाषांत एकच' असे यादी म्हणत असेल तर ते खोटे समजावे. इंग्रजी वाचणारा या तीन अक्षरांचा उच्चार 'आयरा' करतो, त्यामुळे इंग्रजी शाळेच्या हजेरीत पहिले काही दिवस पोरगी 'आयरा' होते. ते टाळायला काही जण पुढे ई जोडून ई-आय-आर-ए लिहितात. तो वेल्श भाषेत बर्फाचा शब्द होतो. दोन ई लिहिले तर उच्चाराचा प्रश्न सुटतो, पण इंग्रजीवरून देवनागरी करताना नाव हटकून 'ईरा' होऊन परत येते. अंकशास्त्रासाठी शेवटी एच किंवा जास्तीचा ए लावल्याने अर्थात काडीची भर पडत नाही, फक्त दाखले जुळेनासे होतात. आमचे मत आय-आर-ए या साध्या तीन अक्षरांकडे झुकते. त्यातला एक धोका तेवढा माहीत असावा : छापील इंग्रजीत मोठा आय आणि लहान एल पुष्कळ टंकांत हुबेहूब सारखे दिसतात. कुणी आयच्या जागी एल टंकला तर डोळ्यांना कळत नाही आणि संगणकात नाव शोधले की सापडत नाही. अर्जात नाव सगळे कॅपिटल अक्षरांत भरले की ही चूक लगेच दिसते.

इतक्या घरांत एकदम इरा का आली, याचे एक कारण पंचांगात आहे. कृत्तिका नक्षत्राची चार चरणाक्षरे, म्हणजे प्रत्येक चरणावर जन्मलेल्याच्या नावाचे पहिले अक्षर, अ, इ, उ, ए. दुसऱ्या चरणावर, म्हणजे वृषभ राशीत, जन्मलेल्या मुलीला इ येते. इ वरून मुलींची नावे मोजकी, त्यामुळे सगळे इराशीच येऊन थांबतात. विदर्भाची स्वतःची इंदुमती आहे. भोजकुळातली ही राजकन्या, जिच्या स्वयंवराला कालिदासाने रघुवंशात एक अख्खा सर्ग दिला. जुने वाटते म्हणून तिच्याकडे कुणी वळत नाही, याची हळहळ वाटते. ज्यांच्या वाट्याला आर्द्रेचा ङ किंवा हस्ताचा ण येतो त्यांची अडचण तर आणखी मोठी, कारण या अक्षरांनी शब्दच सुरू होत नाही. मग यादीवाले काहीही जुळवून देतात.

अशा जुळवणीचे दोन नमुने. 'कियारा' संस्कृत कोशात नाही. इटालियन किआरा आला लॅटिन क्लारसवरून, अर्थ स्वच्छ, उजळ. आसिसीची संत क्लारा तिच्या भाषेत किआराच. आयरिशमध्ये जवळजवळ याच स्पेलिंगचे नाव आहे, उच्चार कीरा, आणि ते ज्या शब्दावरून आले त्याचा अर्थ काळा. म्हणजे एका अक्षराच्या फरकाने उजळचे काळे होते. नागपूरकराला हिंदी कियारी, म्हणजे वाफा, आठवते. ती संस्कृत केदारवरून आली, पण तिचा या नावाशी संबंध नाही. दुसरे 'मायरा'. हे सोळाव्या शतकातल्या फुल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीने आपल्या कवितांतल्या प्रेयसीसाठी वापरले आणि तिथून पसरले. इतवारीतल्या मारवाडी घरात विचारा, मायरा म्हणजे भाच्याभाचीच्या लग्नात मामा जो अहेर घेऊन येतो तो. दोन्ही नावे कानाला गोड आहेत, आवडली तर जरूर ठेवावीत. खाली 'संस्कृत' एवढे मात्र लिहू नये.

अर्थ तपासायला फार खटपट लागत नाही. वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत-इंग्रजी कोश, मोल्सवर्थचा मराठी कोश आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश हे तिन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट शोधता येतात. शब्द देवनागरीत, ऱ्हस्व-दीर्घ सांभाळून टाकावा. एक अर्थ दिसला म्हणून तिथेच थांबू नये, नोंद शेवटपर्यंत वाचावी. नकोसा अर्थ बहुधा खालीच असतो. शब्द मिळालाच नाही तर ऱ्हस्वाचे दीर्घ करून एकदा पाहावे, तरीही नाही मिळाला तर तो संस्कृत नाही असे धरून चालावे. कोशात नाही पण यादीत संस्कृत, अरबी, ग्रीक अशा तीन भाषा एका ओळीत दिल्या आहेत, अशा नावाचा अर्थ बहुतेक वेळा कुणीतरी बसून रचलेला असतो.

शेवटी नोंदणीचे, कारण तिथली चूक सर्वांत महाग पडते. जन्माची नोंद २१ दिवसांत व्हायला हवी. दवाखान्यातल्या जन्माची माहिती दवाखाना देतो. नाव त्याच वेळी द्यायलाच हवे असे नाही. नोंदणीच्या तारखेपासून १२ महिन्यांपर्यंत ते विनाशुल्क घालता येते, त्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. तेव्हा घाईने यादीतले नाव देण्यापेक्षा जागा रिकामी ठेवून दोन महिने विचार केलेला बरा. १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेश, आधार, पारपत्र, मतदार यादी अशा सगळ्या ठिकाणी जन्मतारखेचा पुरावा जन्म प्रमाणपत्र हाच आहे, म्हणून त्यावरचे स्पेलिंग आयुष्यभर पुरते. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावात आपल्या राज्यात आईचे नावही येते. ते कसे लिहायचे हेही आधीच ठरवावे. नोंदणीसाठी महापालिकेच्या झोन कार्यालयात जाताना मराठी आणि इंग्रजी दोन्ही रूपे कागदावर सुवाच्य लिहून न्यावीत, 'इ ऱ्हस्व' असे शेजारी लिहावे आणि अंतिम प्रत निघण्याआधी पडद्यावरचे नाव स्वतः वाचावे. तरी चूक राहिलीच, तर जन्माची नोंद करणाऱ्या त्याच निबंधकाकडे दुरुस्तीचा अर्ज करता येतो. तो शाळेत नाव घालण्याआधी करावा. एकदा शाळेच्या दाखलखारीज रजिस्टरला 'ईरा' चढली की मग एकाऐवजी दोन कार्यालयांच्या पायऱ्या चढाव्या लागतात.

आपले,
संस्कृत व मराठी शिकवणारे काही शिक्षक,
नागपूर