बास सोडू नकोस, ईशा

चि. ईशास,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, बँडमधल्या सगळ्यांचं म्हणणं पडतंय की तू नुसतं गावंस आणि खर्जाची साथ देणारं तुझं वाद्य, बास, दुसऱ्या कुणाच्या तरी हाती द्यावं. गळा चांगला आहे, हातात वाद्य असलं की गाणं अडकतं, माइक घेऊन पुढे उभी राहिलीस तर लोकांचं लक्ष राहील. तू ‘बघू’ म्हणून विषय बदललास, पण तुझा आवाज उतरला होता. तेव्हापासून एक अल्बम माझ्या डोक्यात घोळतोय. फोनवर हे सगळं नीट सांगता येत नाही, म्हणून लिहितेय.

अमेरिकेतल्या एस्परांझा स्पॉल्डिंगचा ‘चेंबर म्युझिक सोसायटी’, २०१० सालचा. ती गाते आणि डबल बास, म्हणजे उभं धरून वाजवायचं ते भलंमोठं तंतुवाद्य, वाजवते, दोन्ही एकाच वेळी. ऐक, पण मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नकोस. बासची सगळ्यात खालची तार सेकंदाला साधारण ४१ कंपनांवर बोलते, आणि एवढ्याशा स्पीकरमधून तो स्वर बाहेर पडतच नाही. मग नुसती गायिका ऐकू येते आणि तुझ्या मित्रांचं खरं वाटायला लागतं. हेडफोन लाव.

पहिलंच गाणं ‘लिटल फ्लाय’. शब्द विल्यम ब्लेकचे, १७९४ साली छापलेल्या एका छोट्या कवितेचे. हाताच्या एका झटक्यात माशी मारली गेली आणि कवीला प्रश्न पडला, मीसुद्धा तुझ्यासारखी माशीच नाही का? चाल एस्परांझाची. भोवती व्हायोलिन, व्हायोला, चेलो, आणि मधोमध तिचा आवाज व तिची बास. पहिल्यांदा ऐकताना आवाजाच्या मागे जा. दुसऱ्यांदा आवाज विसर आणि फक्त तारांकडे कान दे. तिसऱ्यांदा दोन्ही धरायचा प्रयत्न कर. जे तिथे कळतं, ते मला शब्दांत सांगता येणार नाही.

अवघड काय आहे, ते तुला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. तरी मला कळलेलं सांगते. जॅझ गाणारी माणसं शब्द बरेचदा मुद्दाम मात्रेच्या किंचित मागे सोडतात, रेंगाळतात, मग पुढे येऊन गाठतात. बास वाजवणाऱ्याला ही मोकळीक नसते. कॉर्डचा, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या सुरांचा, पाया त्याच्या स्वरावर उभा असतो आणि लय त्याच्या बोटांवर चालते. तो रेंगाळला तर सगळेच घसरतात. म्हणजे एकाच बाईला गळ्याने लयीशी खेळायचंय आणि बोटांनी ती सोडायची नाहीये. त्यातून डबल बासला गिटारसारखे पडदे नाहीत. बोट कुठे ठेवायचं ते कानानेच ठरवायचं, आणि त्याच वेळी तोच कान गळ्यावरही ठेवायचा.

पण हे तुला परकं नाही, ईशा. माझ्या क्लासमध्ये बसून हातावर झपताल धरत तू ख्याल गायली आहेस. टाळी-खाली हातावर, आणि आलाप समेची वाट चुकवून वळणावळणाने जाणारा. सुरुवातीला तुझा हात आलापाबरोबर मंदावायचा. मग एक दिवस हात आपोआप चालू लागला आणि गळा मोकळा झाला. बासवरही त्याच वाटेने जा. आधी नुसती बास, संथ लयीत, इतके वेळा की वाजवताना कुणाशी सहज बोलता यावं. मग त्यावर गाण्याचे शब्द नुसते म्हण, सुराविना. कुठलं अक्षर कुठल्या ठोक्याच्या आधी पडतं, कुठलं नंतर, ते कळू दे. सूर सगळ्यात शेवटी. तुझं गाणं अडकतं ते दोन्ही गोष्टी एकदम शिकायला जातेस म्हणून. त्याला बास सोडणं हा उपाय नव्हे.

एस्परांझाची गोष्टही तुला कळायला हवी. १९८४ साली ऑरेगनमधल्या पोर्टलंड शहरात जन्म, घरात एकटी आई. लहानपणी टीव्हीवर यो-यो मा यांचं चेलोवादन पाहिलं आणि वाद्याचं वेड लागलं. व्हायोलिन शिकली, ‘चेंबर म्युझिक सोसायटी ऑफ ऑरेगन’ या स्थानिक वाद्यवृंदात पंधराव्या वर्षापर्यंत वाजवलं. अल्बमच्या नावाचं मूळ तिथे आहे. तिची आई कॉलेजात जॅझ गिटार शिकायला जायची तेव्हा ही पोर बरोबर असायची, पियानोखाली पडून ऐकायची आणि घरी येऊन मास्तरांनी वाजवलेलं वाजवून पाहायची. त्या आईबद्दल मला फार वाटतं. संसार एकटीने ओढत ती स्वतःही शिकत राहिली, आणि मुलीला संगीत तिथूनच लागलं.

पुढे शाळेत बास हाती आली, आणि पोर्टलंडमधल्या एका बँडमध्ये ती बास वाजवता वाजवताच गाऊ लागली. गाण्याची तालीम म्हणावी तर फारशी नव्हती. तुझ्याकडे ती आहे. नंतर बॉस्टनच्या बर्कली संगीत कॉलेजात असताना पैशांची ओढाताण इतकी झाली की संगीत सोडून राज्यशास्त्राकडे वळायचं तिच्या मनात आलं होतं. गिटारवादक पॅट मेथेनी यांनी तिला थांबवलं. पदवी घेतली आणि विशीतच तिथे शिकवूही लागली.

पुढे उभं राहण्याचं म्हणशील, तर २०११ साली सर्वोत्कृष्ट नवोदित कलाकाराचं ग्रॅमी तिला मिळालं. त्या यादीत जस्टिन बीबर होता, ड्रेक होता. जॅझच्या कुठल्याही कलाकाराला तोवर हे पारितोषिक मिळालेलं नव्हतं. तिच्या उंचीच्या वर जाणारं ते वाद्य कवेत घेऊन ती गाते आणि लोकांची नजर हलत नाही. वाद्यामुळे लोकांचं लक्ष उडतं हे मला तरी पटत नाही.

सगळाच अल्बम मला सारखा आवडत नाही. गिल गोल्डस्टीन यांच्या साथीने केलेली तंतुवाद्यांची मांडणी काही ठिकाणी फार दाट होते, आवाजाला श्वास उरत नाही. पण ‘ॲपल ब्लॉसम’मध्ये ब्राझीलचे मिल्टन नासिमेंतो तिच्याबरोबर गातात, आणि सफरचंदाच्या मोहराखाली उभं राहून गेलेल्या प्रियेशी बोलणारा म्हातारा डोळ्यांसमोर उभा राहतो. त्या वेळी मी भाजी चिरत होते, विळी बाजूला ठेवून बसून राहिले.

आणि ‘इनूतिल पायझाजें’. चाल ब्राझीलचेच संगीतकार जोबिम यांची. एस्परांझा, तिची बास आणि ग्रेचन पार्लाटोचा आवाज, भोवती जवळजवळ काहीच नाही. गाणं पोर्तुगीजमध्ये आहे, शब्द समजले नाहीत तरी चालेल. एका बासच्या आधाराने दोन गळे किती निर्धास्त फिरतात ते ऐक. तुझ्या मित्रांनाही ऐकव. त्यांचं वाईट वाटून घेऊ नकोस, त्यांना तुझा गळा आवडतो म्हणूनच ते म्हणताहेत. पण एक गाणं तरी दोन्ही करून दाखवते, असं सांग आणि महिनाभराची मुदत माग.

त्यानंतरही तुला स्वतःला नुसतं गावंसं वाटलं तर गा, मी एक शब्द बोलणार नाही. कुणी म्हणालं म्हणून मात्र देऊ नकोस.

माझे मोठे हेडफोन कुरिअरने पाठवतेय. बाबांनी त्यातच चिवड्याचा डबा कोंबलाय. मिळाले की कळव, आणि कुठल्या गाण्यापासून तयारी सुरू करणार तेही सांग.

तुझी,
आई