अपिलातला वकील नावापुरता नको

फौजदारी खटल्यात आरोपीला वकील हवा, हे आता कुणी नाकारत नाही. पण शिक्षा झाल्यावर अपिलात काय? तिथे साक्षीदार नसतात, सगळा खेळ कागदांचा. हजार पानांच्या नोंदींतून पंचनाम्यातली विसंगती शोधणे तुरुंगातल्या कैद्याला, तेही एकट्याने, कसे जमावे?

कायदा याबाबत गप्प नाही. १९७८ साली होसकोट विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने कैद्याला निकालाची प्रत मोफत मिळावी आणि अपिलासाठी गरजूला सरकारी खर्चाने वकील मिळावा, असे बजावले. मूळ तक्रारच अशी होती, की निकालाची प्रत तुरुंगापर्यंत गेली, पण कैद्याच्या हाती पडली नाही. म्हणून प्रत दिल्यावर त्याची लेखी पोच घ्या, इतक्या बारकाव्यापर्यंत न्यायालय गेले. पुढे १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने कोठडीतील प्रत्येकाला, उत्पन्न न पाहता, मोफत वकिलाचा हक्क दिला.

अडचण वेगळीच आहे. नेमलेला वकील अनेकदा अशिलाला न भेटताच उभा राहतो. (मानधन पाहिले तर त्याला तरी किती दोष द्यावा?) सुनावणीपूर्वी कैद्याशी किमान एकदा, दूरदृश्य प्रणालीने का होईना, बोलणे झाल्याची नोंद उच्च न्यायालयांनी सक्तीची करावी. तशी नोंद नसेल, तर त्या दिवशी अपील ऐकूच नये.

– एक वाचक